ज्याच्या शब्दावर रिग थांबते

गेल्या पाळीत उत्तर समुद्रातल्या आमच्या तेलविहीर खोदणाऱ्या रिगवर क्रेनने उतरवला जाणारा पाइपांचा जुडगा वाऱ्याने हेलकावू लागला, तेव्हा डेकवरच्या एका पंचविशीतल्या कामगाराने काम थांबवायला सांगितले आणि रिग मॅनेजरने त्याला जाब विचारला नाही. तो मुलगा कामगारांनी निवडून दिलेला सुरक्षा प्रतिनिधी आहे; जिवाला धोका दिसल्यास काम बंद करण्याचा अधिकार नॉर्वेच्या कायद्यानेच त्याला दिला आहे. उभ्या रिगचे भाडे दिवसाला काही लाख डॉलरांनी चढत असते, तरी सगळे कॉफी पीत वारा पडण्याची वाट पाहत बसले. मला मात्र रिकामे बसवेना.

याआधी मुंबई हाय या अरबी समुद्रातल्या तेलक्षेत्रावर मी ड्रिल फ्लोअरवर, म्हणजे विहीर खोदण्याच्या मंचावर, होतो. बिट, म्हणजे खडक फोडणारे टोक, बदलायचे म्हणजे दोन-अडीच किलोमीटर पाइप वर खेचायचा, तीन-तीन नगांचे तुकडे सोडवून डेरिकच्या उंच मनोऱ्यात उभे करायचे आणि नवे बिट लावून तेच सारे उलट क्रमाने पुन्हा करायचे. दर जोडाला वाकून पाइप धरून ठेवणारी स्लिप बसवायची, दोन्ही बाजूंनी टाँग, म्हणजे भले मोठे पाने, लावायचे आणि जोड सुटताच आत साचलेला मड, म्हणजे खोदकामाचा चिखल, अंगावर घ्यायचा. टाँग कोठे धरायचे हे पहिल्याच दिवशी बजावले जाते, कारण भलत्या जागी गेलेले बोट परत मिळत नाही. ऑक्टोबरच्या उन्हात, भिजलेल्या डांगरीत अशी बारा तासांची पाळी काढलेल्यालाच ती ठाऊक.

येथे तेच काम यंत्र करते आणि ड्रिलर काचेच्या केबिनमध्ये बसून जॉयस्टिक फिरवतो. डेकवरची थंडी हाडे गोठवते हे खरे. पण इथली मंडळी कष्टांविषयी बोलू लागली की मला थोडे हसू येते. सागर सम्राट या रिगने १९७४ मध्ये मुंबईपासून सुमारे १६० किलोमीटरवर तेल शोधले, ते मनगटांच्या जोरावर.

‘तिकडची शिस्तच वेगळी’ हे नातेवाइकांचे कौतुकही मला रुचत नाही. २७ मार्च १९८० रोजी अलेक्झांडर किलांड हा कामगारांच्या निवासाचा तरंगता मंच उलटून येथेही १२३ माणसे गेली, त्यानंतर नियम आणखी कडक झाले. मात्र २७ जुलै २००५ रोजी भर पावसाळ्यात जखमी माणसाला घेऊन आलेले जहाज मुंबई हायच्या प्लॅटफॉर्मच्या रायझरवर, म्हणजे तेल-वायू वाहणाऱ्या उभ्या नळावर, आदळले, आग लागली आणि २२ जण गेले. त्या दिवशी ‘आज नको’ म्हणण्याचा हक्क नेमका कोणाला होता, हा प्रश्न मला अजून पडतो.

दोन आठवडे काम आणि चार आठवडे सुट्टी, एवढ्यासाठी देश सोडलास का, असे काका विचारतात. मुंबई हायवर चौदा दिवसांमागे चौदाच मिळत, असा हिशेब मी त्यांना देतो. पगाराचा आकडा अजून सांगितलेला नाही.