जेजुरीचा भंडारा आणि झकपांढरा कागद

मॉनिटरचे रंग जुळवायचं काम उरकलं. डिस्प्लेकॅल या रंग जुळवायच्या सॉफ्टवेअरमध्ये पांढरा डी65 (दिवसाच्या उजेडासारखा), गॅमा (मधल्या छटांची उजळता) 2.2 आणि उजेड चौरस मीटरला 100 कँडेला ठेवलाय. 120 ला शेजारी धरलेली प्रिंट मळकट दिसायची. आता तिकडे हात लावणार नाही. (मूळ डिस्प्लेकॅल पायथन 2 वरच अडकलंय, नव्या सिस्टीमवर पायथन 3 ची आवृत्ती घ्या.)

खरी मजा प्रिंटरची. डिस्प्लेकॅलच्या पोटात ग्रेम गिल यांचं आर्गिलसीएमएस हे रंग मोजायच्या टूल्सचं पॅकेज आहे, तेच इथे टर्मिनलमधून थेट वापरलं. त्यातल्या टार्जेन आणि प्रिंटटार्ग या टूल्सने रंगांच्या चौकोनांची पानं बनवली, ड्रायव्हरचं कलर मॅनेजमेंट बंद ठेवून छापली, रात्रभर वाळवली आणि स्पेक्ट्रो (रंगाचा वर्णपट मोजणारं यंत्र) फिरवत चार्टरीडने एकेक पट्टी वाचली. कोलप्रॉफने प्रोफाइल दिली, म्हणजे या प्रिंटर-कागदावर कुठला रंग कसा उमटतो याची फाइल. फोटो छापला तर जेजुरीच्या पायऱ्यांचा करडा दगड पिवळट!

मला कागदाचा संशय होता. नोटा तपासायचा यूव्ही टॉर्च मारला, तर कागद निळा चमकला, म्हणजे ऑप्टिकल ब्राइटनर (यूव्ही पडलं की निळं चमकून कागद झकपांढरा दाखवणारं रसायन) ठासून भरलेला. माझ्या स्पेक्ट्रोच्या टंगस्टन दिव्यात थोडं यूव्ही असतं. त्यामुळे त्याला कागद निळसर दिसतो आणि तो निळेपणा मारायला प्रोफाइल करड्यात पिवळा मिसळते. हॉलमधल्या एलईडीत यूव्ही जवळपास नसतंच. तिथे कागद निळा दिसत नाही, मिसळलेला पिवळा तेवढा उरतो.

उपाय आर्गिलमध्येच आहे. त्याच्या इल्युमरीड टूलने हॉलचा उजेड मोजला आणि ती फाइल कोलप्रॉफच्या 'एफ' पर्यायाला दिली. चार्ट पुन्हा छापावा लागला नाही, कारण चार्टरीडच्या मोजमापांच्या टीआय3 फाइलमध्ये प्रत्येक चौकोनाचा पूर्ण वर्णपट साठलेला असतो. शाई वाचली, हे काय कमी आहे? दगड आता दगडासारखा दिसतो. मात्र हाच स्पेक्ट्रो यूव्ही फिल्टरवाला असता, किंवा कलरमंकी या स्पेक्ट्रोसारखा पांढऱ्या एलईडीचा, तर हा पर्याय निरुपयोगी. ब्राइटनर त्यांना दिसतच नाही.

राहिला फोटोतला उधळलेला भंडारा. रॉ फाइलमधला (कॅमेऱ्याच्या कच्च्या फाइलमधला) तो गडद पिवळा एसआरजीबी या नेहमीच्या रंगकक्षेत मावत नाही, माझ्या मॉनिटरवरही नाही. पण इंकजेटची पिवळी शाई त्यापुढे जाते, म्हणून प्रोफोटो या खूप मोठ्या रंगकक्षेत एक्स्पोर्ट करून रिलेटिव्ह कलरिमेट्रिकने (मावणारे रंग तसेच ठेवणाऱ्या पद्धतीने) छापला. कागदावरचा भंडारा पडद्यापेक्षा उजवा आहे. सॉफ्टप्रूफवर (प्रिंट कशी दिसेल याच्या पडद्यावरच्या नमुन्यावर) इथे विसंबू नका, जे पडद्याला दाखवताच येत नाही ते तो कुठून दाखवणार?

पुढची पाळी ब्राइटनर नसलेल्या कॉटन रॅग या सुती कागदाची. काळा थोडा फिका पडेल, ते चालेल.