टेबल केलं म्हणजे नक्की कुठे ठेवलं?

अमेरिकन मिटिंगमध्ये 'लेट्स टेबल इट' ऐकलं की भारतातून नवीन आलेला माणूस कागद सरसावून बसतो. तोवर बाकीचे पुढच्या विषयावर गेलेले असतात.

चूक त्याची नाही. आपल्याकडे विधानसभेत अहवाल 'पटलावर ठेवला' की तो सदस्यांसमोर आला. हा वेस्टमिन्स्टरचा, म्हणजे ब्रिटिश संसदेचा वारसा. तिथे कॉमन्समध्ये, म्हणजे कनिष्ठ सभागृहात, सत्ताधारी आणि विरोधी बाकांमध्ये खरंच टेबल आहे, आणि खासदार प्रश्न नि ठराव देतात त्या कचेरीचं नावही टेबल ऑफिस. अमेरिकेत मात्र टेबलावर गेलं म्हणजे बाजूला सारलं. मूळ लॅटिन 'टाब्युला', म्हणजे फळी. फळी तीच, एकाने तिच्यावर ताट मांडलं, दुसऱ्याने तिचं फडताळ केलं. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश आणि अमेरिकन अधिकारी याच शब्दावरून बराच वेळ भांडले, आणि दोघांना हवं होतं एकच, असं चर्चिल यांनी लिहून ठेवलंय.

अमेरिकेतल्या कितीतरी संस्था, सोसायट्या 'रॉबर्ट्स रूल्स' (१८७६) हे सभा चालवण्याच्या नियमांचं पुस्तक पाळतात. त्यात 'ले ऑन द टेबल' ही मध्येच काही तातडीचं उपटलं तर हातातला विषय तात्पुरता थांबवण्याची सोय. अनुमोदन लागतं, साधं बहुमत पुरतं, चर्चा होत नाही. विषय परत घ्यायला 'टेक फ्रॉम द टेबल' असा वेगळा ठराव लागतो. मासिक सभा असेल आणि पुढची सभा संपेपर्यंत तो कुणी मांडला नाही, तर मूळ ठराव मेला. गोम इथेच आहे. चर्चा नाही म्हणून अडचणीचा विषय गुंडाळायला हे हत्यार सर्रास चालवतात. खरं तर त्यासाठी 'पोस्टपोन इंडेफिनिटली', म्हणजे बेमुदत पुढे ढकलण्याचा ठराव आहे, पण त्यावर चर्चा होते ना! अमेरिकन संसदेच्या प्रतिनिधिगृहात तर टेबल झालेला ठराव निकालातच निघतो.

आपल्या पटलावरचे अहवालही पुढे धूळ खातात, कबूल. पण 'पटलावर' आणि 'बासनात' यांत मराठी माणूस गल्लत करत नाही.

तुमचा विषय टेबल होतोय असं दिसलं तर लगेच 'पोस्टपोन टु अ सर्टन टाइम' (ठरावीक वेळेपर्यंत पुढे ढकला) सुचवा, तारखेसकट. म्हणजे तो त्या दिवशी आपोआप पुढे येतो. ईमेलमध्ये 'अजेंड्यावर घ्या' किंवा 'अमुक तारखेपर्यंत पुढे ढकला' असं सरळ लिहावं. कॅनडात संसदेत ब्रिटिश अर्थ चालतो, ऑफिसात अमेरिकनही कानावर येतो. तिथे हे क्रियापद वापरूच नका.