सरांचा सॅमी

आठवी 'ब'मध्ये मी इंग्रजीत कायम पस्तीसच्या आत, आणि मैदानावर सगळ्यांत वेगवान गोलंदाज. म्हणून इंग्रजीच्या सरांनी माझं नाव 'सॅमी' ठेवलं. वर्गाला वाटलं, कुठल्या तरी कुत्र्याचं नाव असणार. मग एका पावसाळी ऑफ तासाला सरांनी खरा सॅमी सांगितला आणि दहावीपर्यंत सांगतच राहिले.

सॅम्युएल मोझेस जेम्स वुड्स. जन्म १८६७ चा, सिडनीच्या अ‍ॅशफील्डमधला. शिकायला इंग्लंडला आला, आधी ब्रायटन कॉलेजात, मग केंब्रिजच्या जीझस कॉलेजात. १८८८ साली ऑस्ट्रेलियाचा संघ इंग्लंडमध्ये असताना त्यांच्या सॅमी जोन्सला देवी आल्या. माणसं कमी पडली, तेव्हा केंब्रिजच्या या पोराला बोलावणं गेलं. तीन कसोट्या खेळला. पुढे १८९६ मध्ये दक्षिण आफ्रिकेत तीन कसोट्या इंग्लंडकडून! वर इंग्लंडसाठी रग्बीचे तेरा सामने. मागच्या बाकावरून कुणीतरी विचारलं, "सर, मग तो नक्की कुणाचा?"

"सॉमरसेटचा," सर म्हणाले.

त्या परगण्याचा तो १८९४ ते १९०६ कर्णधार होता. त्याच्याच गोलंदाजीवर १८९५ मध्ये इंग्लंडचा नामवंत फलंदाज ग्रेस याने आपलं शंभरावं शतक पुरं केलं. त्याच वर्षी सॉमरसेटच्याच टाँटन गावी लँकेशायरच्या मॅक्लारेनने एकट्याने त्याच्या संघाला ४२४ धावा चोपल्या. सर हे मार खाल्ल्याचे किस्से जास्त रंगून सांगत. पण १९०१ चा लीड्सचा सामना आला, की सर खुर्चीतून उठत. सॉमरसेट सर्वबाद ८७, यॉर्कशायर ३२५. संपलं ना? नाही. दुसऱ्या डावात सॉमरसेटच्या ६३०! यॉर्कशायर २७९ धावांनी हरलं. फळ्यावरचे हे आकडे दुसऱ्या दिवशीही पुसायची कुणाची हिंमत नव्हती. भूगोलाच्या बाईंनीही उरलेल्या जागेत नकाशा काढला.

केंब्रिजला वुड्सचा भन्नाट वेग, आणि मध्येच त्याच हातवाऱ्यातून सुटणारा संथ चेंडू. तरी ग्रेगर मॅकग्रेगर यष्टींना चिकटून यष्टिरक्षण करायचा. दोघे एकाच कॉलेजचे; हिवाळ्यात मात्र एक रग्बी खेळायचा इंग्लंडकडून, दुसरा स्कॉटलंडकडून. त्या काळी हौशी खेळाडूंना पैसे घेणं कमीपणाचं वाटे. सॅमीही हौशीच, पण सॉमरसेट क्लबचा सचिव म्हणून पगार घ्यायचा. मला ही लबाडी वाटली, मी तसं म्हटलंही. सर हसून म्हणाले, "अरे, पोट हौशी नसतं."

माझा आवडता किस्सा १८९१ चा. लॉर्ड्सवर ऑक्सफर्डविरुद्ध केंब्रिजचे आठ गडी बाद, जिंकायला मोजक्या धावा हव्यात. सॅमी ना पॅड, ना ग्लोव्ह, तसाच मैदानात धावला आणि पहिल्याच चेंडूवर चौकार ठोकून सामना संपवला.

नववीत तालुक्याच्या सामन्यात आमचे आठ बाद झाले, पाच धावा हव्या होत्या. पॅड बांधून तयार हो, असं सगळे ओरडत असताना मी तसाच निघालो. पहिला चेंडू थेट नडगीवर. पायचीत! लंगडत परत आलो, तर सर बाउंड्रीजवळ उभे. रागावतील असं वाटलं होतं. त्यांनी बर्फाचा गोळेवाला गाठून नडगीला बर्फ लावला आणि हळूच म्हणाले, "सॅमी, बॅट लावायची असते रे."