‘हो, नाही पाठवली’

दुपारी चारचा कॉल. चीनमधल्या निंगबोत चार वाजले की हिवाळ्यात बर्मिंगहॅमला सकाळचे आठ. त्यामुळे पलीकडचा माणूस नुकताच कॉफीचा मग घेऊन बसलेला आणि अलीकडे आम्ही डायकास्टिंगच्या, म्हणजे वितळलेला धातू साच्यात दाबून भरायच्या, मशीनांजवळ दिवसभर भाजून निघालेलो. पलीकडून प्रश्न आला, “तुम्ही अजून सॅम्पल पाठवली नाहीत का?” आमच्या प्रोजेक्टवाल्या मुलीने शांतपणे उत्तर दिलं, “येस.” पलीकडचा म्हणाला, “लव्हली,” आणि पुढच्या विषयाकडे वळला.

मी तिच्या शेजारीच बसलो होतो. मला त्यात काहीच खटकलं नाही, कारण माझ्या मराठी कानांना ते उत्तर अगदी बरोबर वाटलं. ‘जेवला नाहीस का?’ ‘हो, नाही जेवलो.’ आपण असंच बोलतो. समोरच्याचं म्हणणं खरं असेल तर हो, मग वाक्य नकारार्थी का असेना. चिनीतही नेमकं हेच. इंग्रजीत मात्र ‘येस’ म्हटलं की पाठवली. पाच दिवसांनी बर्मिंगहॅमहून जी मेल आली तिची भाषा इथे देत नाही. सॅम्पल तेव्हाही आमच्या पॅकिंगच्या टेबलावरच होती.

मी मूळचा चाकणच्या पट्ट्यातला क्वालिटी इंजिनिअर. 2017 मध्ये कंपनीने दोन वर्षांसाठी निंगबोला पाठवलं. शहराच्या बेइलुन भागात साच्यांचे आणि डायकास्टिंगचे कारखाने दाटीवाटीने आहेत. त्यांतल्या एकाकडून ब्रिटिश ग्राहकासाठी ॲल्युमिनियमची कास्टिंग, म्हणजे ओतीव भाग, घ्यायची आणि पोरोसिटी (धातूतली बारीक छिद्रं), बर (कडेला उरलेला खरखरीत धातू), मापं बघून माल पास करायचा, एवढंच माझं काम. ‘इंग्रजी येतं ना, मग झालं’ असं जाताना सगळे म्हणाले. त्या ‘येस’नंतर कळलं की खरं काम या दोघांच्या मध्ये बसण्याचं आहे, आणि चिनी आल्याशिवाय ते जमणार नाही.

संध्याकाळचा क्लास लावला. वर्गात आम्ही सहा जण, त्यात दोन इंग्रज आणि एक ऑस्ट्रेलियन. पहिले काही आठवडे मी उगाचच हुशार ठरलो. चिनी उच्चार रोमन लिपीत लिहायची फिनयिन नावाची पद्धत आहे, 1958 पासूनची. इंग्रजी वाचणारा तिच्यात हमखास फसतो. तिथला ‘बी’ हा आपला ‘प’ आणि ‘पी’ हा आपला ‘फ’, पण ओठ नीट मिटून. ‘डी’ म्हणजे ‘त’, ‘टी’ म्हणजे ‘थ’. निंगबोचा खरा उच्चार निंगपोच्या जवळ जातो, आणि जुने इंग्रज तसंच लिहायचे. ‘झेड’ म्हणजे तर आपल्या ‘चोर’, ‘चूक’, ‘चमचा’मधला च! इंग्रज मंडळी घसा खरवडून ‘झ’ काढत बसली होती तेव्हा मी ‘चूक’ म्हणून मोकळा. बाईंनी दोनदा म्हणायला लावलं आणि विचारलं, आधी कुठे शिकलात? म्हटलं, आईकडे.

सुरांनी ती हुशारी लवकरच उतरवली. ‘माय’ हा शब्द खाली जाऊन वर आला तर विकत घेणे, वरून खाली आपटला तर विकणे. खरेदीवर आलेल्या माणसाने या एका शब्दात घोळ घातला की काय होतं ते सांगायला नको. मी बरेच दिवस सगळ्या कारखान्याला सांगत होतो की आमची कंपनी तुम्हाला कास्टिंग विकायला आली आहे. लोक हसायचे नाहीत, नुसती मान डोलावायचे. ते जास्त वाईट.

कारखान्यात इंजिनिअरला आडनावापुढे ‘कुंग’ लावून हाक मारतात, आपल्या ‘जोशीसाहेब’सारखी. टूलिंग, म्हणजे साचे, बघणारे जे कुंग होते ते ईशान्येकडचे, शेनयांगचे. मोठा आवाज, जेवताना आग्रह फार. रोज सकाळी भेटले की पहिलं वाक्य, “छ्र ल मा?” म्हणजे जेवलात का. ऑस्ट्रेलियन मित्राला सुरुवातीला वाटायचं की हा माणूस रोज जेवायचं आमंत्रण देतो आणि मग विसरतो. मला कोकणातले काका आठवायचे. इंग्रजीतल्या ‘हाऊ आर यू’ला तरी कोण खरं उत्तर देतं!

या कुंगांकडून मला ‘आपण’ सापडलं. एका कॉलमध्ये डायचा एक इन्सर्ट, म्हणजे साच्यातला सुटा तुकडा, बदलायचा विषय निघाला. बर्मिंगहॅमवाला म्हणाला, “वी शुड शेअर धिस कॉस्ट.” इंग्रजीत ‘वी’ एकच. त्यात ऐकणारा आहे की नाही हे संदर्भावरून ओळखायचं. प्रोजेक्टवाल्या मुलीने भाषांतर केलं ‘वोमन’, आणि कुंगांनी ते ‘आम्ही’ असं ऐकलं. खर्च बर्मिंगहॅमवालेच करणार, स्वतःच्या खात्यांत वाटून घेणार, असं समजून कुंग खूश झाले. मी मराठीत विचार करत होतो म्हणून अडखळलो. हे ‘आम्ही’ की ‘आपण’? पलीकडे विचारलं तेव्हा उत्तर आलं, अर्थात दोघं मिळून. मी कुंगांकडे वळून म्हटलं, वोमन नाही, ‘चामन’. त्यांचा चेहरा पडला, पण गोष्ट कळली. ऐकणाऱ्याला धरून आपण, तो चामन. उत्तरेकडे हा शब्द सर्रास चालतो. निंगबोची माणसं कमी वापरतात, म्हणून पोरीच्या तोंडी तो आला नव्हता. मराठी, चिनी दोघांकडे हा फरक आहे आणि जगभर धंदा चालवणाऱ्या इंग्रजीकडे नाही, याची मला आजही गंमत वाटते.

उलटाही प्रकार होता. चिनी बोलण्यात तो आणि ती दोन्हींना ‘था’. लिहिताना अक्षर वेगळं, उच्चार तोच. त्यामुळे उत्तम इंग्रजी बोलणारी चिनी माणसंही ‘ही’ आणि ‘शी’ची अदलाबदल करतात. कॉलवर एकाच वाक्यात आमच्या लॅबवाल्या बाई दोनदा पुरुष व्हायच्या. पलीकडच्यांनी अखेर विचारलं की लॅबमध्ये नक्की किती लोक आहेत.

पण सगळ्यात महागात पडू शकली असती ती गोष्ट आकड्यांची. वर्षाची क्षमता किती, असं बर्मिंगहॅमने विचारलं. कुंग म्हणाले, “श्र-अर वान.” पोरीने सांगितलं, “ट्वेल्व्ह थाउजंड.” पलीकडे शांतता. त्यांना वर्षाला एक लाख नग हवे होते. बारा हजारवाल्याशी बोलण्यात त्यांनी आठ महिने घालवले होते की काय?

‘वान’ म्हणजे दहा हजार. चिनी माणूस चार-चार शून्यांनी मोजतो, इंग्रज तीन-तीन शून्यांनी. मधल्या मधल्या ठिकाणी दोघांचा ताळा जुळत नाही. वानला थाउजंड समजलं की एक शून्य गायब, आणि बोलणाऱ्याला पत्ताही नाही. मला मात्र शाळेतलं एकं, दहं, शतं, सहस्र, दशसहस्र, लक्ष पाठ. दशसहस्र म्हणजेच वान! मी उठून फळ्यावर एक, दोन आणि चार शून्यं लिहिली. त्याखाली तीच संख्या तीनदा लिहून तीन जागी रेघा मारल्या: इंग्रजांसाठी 120 नंतर, चिन्यांसाठी 12 नंतर आणि माझ्यासाठी 1 नंतर आणि 20 नंतर. पलीकडच्यासमोर कॅमेरा वळवला. तो फळा पुढे कोणी पुसला नाही. त्या दिवसानंतर कॉलवर आकडा तोंडी सांगायचा नाही, चॅटमध्ये अंकांत टाइप करायचा, असा नियमच झाला. वान, लाख, मिलियन सगळे बाद.

(बाजारातही मी असाच फसलो. दुकानावर ‘8’ आणि पुढे ‘च’ असं एक अक्षर, म्हणजे सवलत. मला वाटलं आठ टक्के. प्रत्यक्षात किमतीचे दहापैकी आठ भाग द्यायचे, म्हणजे वीस टक्के सूट. ही एकच फसगत फायद्याची झाली.)

‘चिनी माणूस स्पष्ट नाही म्हणत नाही’ हे सगळेच सांगतात. अर्धं खरं आहे. ‘मेइ वन्थी’, काही अडचण नाही, हे मी इतक्यांदा ऐकलं की त्यातला कुठला खरा ते ओळखायला वर्ष गेलं. पुढे ‘यिंगकाय’ लागलं की सावध. ‘यिंगकाय मेइ वन्थी’ म्हणजे ‘अडचण नसावी’, आणि ते ‘नसावी’ मराठीतही किती भरवशाचं असतं हे आपल्याला माहीत आहे. पोर त्याचं ‘शुड बी नो प्रॉब्लेम’ करायची आणि पलीकडचा ते वचन म्हणून वहीत लिहायचा.

पण इंग्रज तरी कुठे सरळ बोलतात? त्यांची एक मेल आली होती: या कोपऱ्याची त्रिज्या थोडी वाढवण्याचा तुम्ही विचार करू शकाल. कुंगांनी विचार केला, गरज नाही असं ठरवलं, विषय संपवला. पुढच्या ट्रायलला त्याच कोपऱ्यात भेग आली आणि पलीकडून ‘आम्ही सांगितलं होतं’. कुंग माझ्यावर चिडले. “त्यांनी सांगितलं कुठे? त्यांनी विचारलं!” त्यांचं बरोबर होतं. तेव्हापासून मी बर्मिंगहॅमच्या प्रत्येक ‘परहॅप्स’खाली पेन्सिलीने रेघ मारून पुढे मराठीत लिहायला लागलो: ‘कराच’.

2018 च्या हिवाळ्यात एचएसकेची, म्हणजे परदेशी लोकांसाठीच्या चिनीच्या परीक्षेची, चौथी पातळी दिली. बाराशे शब्द, शंभर प्रश्न, तीनशेपैकी एकशे ऐंशीला पास. आधी 45 प्रश्न ऐकण्याचे, आणि या पातळीपासून प्रत्येक संवाद एकदाच ऐकवतात. दुसऱ्या प्रश्नावर रेंगाळलात की तिसरा गेला. परीक्षा कॉम्प्युटरवर होती, म्हणून वाचलो. फिनयिन टाइप केलं की खाली अक्षरं येतात, ओळखून निवडायचं. हाताने काढायची असती तर लिहिण्याच्या पंधरा प्रश्नांत आडवा झालो असतो. दोनशे अकरा मिळाले. कुंगांनी कॅन्टीनमध्ये निंगबोचे थांगयुआन मागवले, काळ्या तिळाचं सारण भरलेले, गरम पाण्यात पोहणारे. एक घास घेतला आणि उकडीच्या मोदकाची इतकी आठवण आली की पुढचा मिनिटभर मी कुठल्याच भाषेत बोललो नाही.

परत यायच्या आधीच्या आठवड्यात दुसऱ्या साच्याच्या भावाची बोलणी होती. कुंगांनी आपला आकडा सांगितला, या वेळी फळ्यावर लिहून. बर्मिंगहॅमवाला मागे रेलला आणि फार गोड आवाजात म्हणाला, “राइट. वुई विल हॅव अ थिंक.”

पोरीने भाषांतर सुरू केलं, “ते विचार करणार आहेत...” कुंगांनी तिला थांबवलं आणि माझ्याकडे पाहिलं.

“चायश्वो पा,” मी म्हटलं. नंतर बोलू. आपल्याकडचं ‘बघू’.

कुंगांनी मार्करला टोपण लावलं आणि थर्मासमधला चहा ओतायला घेतला.