वजा चाळीस

पळसदेव, भर उन्हाळा, २०२४

टपरीवर चहा घेताना शेजारच्याने दुसऱ्याला विचारलं, "आज किती?" उत्तर आलं, "वजा चाळीसच्या खाली." उजनीच्या काठावर उसाच्या भावाइतकीच धरणाची टक्केवारी सगळ्यांना तोंडपाठ असते. ११७ टीएमसीचं (अब्ज घनफुटांचं) हे धरण. त्यातला ६३ टीएमसीहून अधिक मृतसाठा, म्हणजे टक्केवारीत न धरलेलं तळाचं पाणी. पाणी त्याखाली उतरलं की आकडा शून्याच्या खाली जातो. गेल्या पावसाळ्यात धरण भरलंच नाही, म्हणून यंदा जानेवारीतच वजा सुरू झालं. आणि पाणी असं हटत गेलं की धरणात बुडालेलं जुनं पळसदेव गाव उघडं पडतं.

या गावावर माहितीपट करतेय, आणि तिथलं पळसनाथाचं देऊळ देखणं आहे, हीच माझी अडचण. खाली काळा दगड, वर विटा-चुन्याचं शिखर, भोवती वीरगळ आणि सतीशिळा. कुठूनही कॅमेरा लावा, फ्रेम लागतेच. दिवसभर पोरं येऊन रील काढून जातात. आमच्याकडेही ड्रोन आहे, आणि पहिल्याच सकाळी घेतलेले शॉट इतके सुरेख आलेत की मला त्यांची धास्ती वाटते. वरून पाहिलं की गाव म्हणजे नुसता अवशेष. इथं कोणाचं तरी जातं होतं, कोणाच्या तरी म्हशी होत्या, हे त्या उंचीवरून कळत नाही. माहितीपटात ड्रोन कमीत कमी वापरायचा, हे आज नक्की केलं.

खरं काम जुन्या गावात राहिलेल्या तात्यांबरोबर झालं. महामार्गालगतच्या नव्या गावात, त्यांच्या ओसरीवर घेतलेली मुलाखत सपाट निघाली होती. धरण १९८० मध्ये पूर्ण झालं, त्याआधीच गाव उठलं, देव हलवला, लोक रडले. येईल त्या पत्रकाराला सांगून सांगून गुळगुळीत झालेलं सगळं. आज त्यांना गाळात नेलं. वाळून तडकलेली जमीन, पायाखाली शिंपले, एका जोत्याला गुंडाळलेलं फाटकं जाळं. तात्या थोडा वेळ गप्प उभे राहिले, मग देवळाकडे पाठ करून उगवतीला चालू लागले. एका जोत्यापाशी थांबून वाकले, हाताने गाळ खरवडला. घडीव दगडाची कड दिसली, तिच्यावर बोटं फिरवत म्हणाले, "हा आमचा उंबरा. हितं आई दळायची. त्या कोपऱ्यात कणगी व्हती." ओसरीवर कणगीचा शब्दही निघाला नव्हता.

तेवढ्यात धाकटे बंधू आले नि म्हणाले, "न्हाय तात्या, आपलं घर त्या पलीकडं. हे चुलत्याचं." झालं! दोघं भर उन्हात वेशीपासून पावलं मोजायला लागले. कॅमेरामन हळूच म्हणाला, "ताई, बंद करू का?" मी म्हटलं, आत्ता कुठं माहितीपट सुरू झालाय.

बुडालेल्या गावाची हळहळ दाखवणं सोपं आहे. पण तात्यांचेच मुलगे याच पाण्यावर ऊस घेतात. पाणी हटलं की चारी खोदून ते मोटारीपर्यंत ओढतात, पाइप वाढवत पुढं नेतात, आणि उघड्या पडलेल्या गाळात कोणी मका टाकतो, कोणी कडवळ. त्याला गाळपेर म्हणतात. बोटवाले थंडीत फ्लेमिंगो दाखवतात आणि उन्हाळ्यात देऊळ. ज्या नदीत तात्या मरळ धरायचे तिथं आता जाळ्यात चिलापीच जास्त येते. या सगळ्याला नुसतं 'नुकसान' म्हणायला माझी जीभ वळत नाही, आणि 'विकास' म्हणायला त्याहून नाही. तात्यांना विचारलं, धरण नसतं तर? ते वैतागले. "नसतं तर पोरं पुण्याला हमाली करत असती. पण जमिनीचा मोबदला काय दिला, ते बी लिव्हा." तेवढं बोलून पुन्हा उंबऱ्याकडे वळले.

संध्याकाळी रशेस, म्हणजे दिवसभराचं कच्चं चित्रीकरण, पाहिल्या. वाऱ्याने तात्यांच्या माइकची निम्मी वाक्यं खाल्ली आहेत, पण भांडण स्वच्छ ऐकू येतं. दोन्ही उंबरे ठेवायचे. निवाडा आपण करायचा नाही. मोजणीचे जुने नकाशे मिळवावेत असं मनात आलं होतं, तो बेत तूर्त बाजूला. नकाशा आला की दोघांपैकी एक खोटा ठरणार, आणि मग दोघंही बोलायचे थांबणार.

धाकट्यांनी मात्र हार मानलेली नाही. उद्या आत्याला आणतायत, तिला म्हणे घरन् घर ठाऊक आहे. आत्या खुर्चीवरून गाळात न्यावी लागेल, उन्हाच्या आत. रेकॉर्डिस्टला सांगितलंय, सहा वाजता निघायचं आणि एक माइक जास्तीचा घे.