आमच्या मराठीच्या बाई

स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून द्या, असा शाळेचा निरोप आला आणि मी विचार न करता हो म्हणून टाकलं. सेंट मेरीजनं काही मागावं आणि मी नाही म्हणावं, हे होणं नाही. शाळेचा सगळा इतिहास लिहायला माझ्यापेक्षा जाणत्या मैत्रिणी आहेत. स्पोर्ट्स डे, नाताळचं नाटक, सकाळची प्रार्थना, सिस्टर्सच्या आठवणी हे त्या लिहितीलच. मला लिहायचंय ते मराठीच्या बाईंबद्दल. शाळेत बाकी सगळ्या ‘मिस’ नाहीतर ‘सिस्टर’, बाई मात्र त्या एकट्याच. त्यांचं नाव इथं घालत नाही. त्यांच्या हाताखालून गेलेल्या मुलींना ते सांगायला नको, आणि स्वतःचं नाव छापून आलेलं बाईंना कधीच रुचलं नसतं.

मी नाना पेठेतली. घरात शुद्ध पेठी मराठी, आणि मुलीला इंग्रजी शाळेत घालायचं हा वडिलांचा हट्ट. सायकलवरून क्वार्टर गेट ओलांडलं की कॅम्प सुरू व्हायचा आणि त्याबरोबर आमची भाषाही बदलायची. शाळेच्या स्टेव्हली रोडला तेव्हाही जनरल भगत मार्ग म्हणत असत, पण आमच्या तोंडी स्टेव्हलीच. मराठी हा आमच्यातल्या बऱ्याच जणींच्या लेखी परीक्षेपुरता विषय होता. बाईंनी तो तसा राहू दिला नाही, एवढं एकच सांगायचं म्हटलं तरी माझं लिहून झालं असं मी समजेन.

बाई गुरुवार पेठेतल्या, पंचहौदाच्या. चार पिढ्यांचं ख्रिस्ती घर, रविवारी पवित्र नाम देवालयात, म्हणजे पंचहौदच्या चर्चमध्ये, हजेरी ठरलेली. फिकट रंगाची सुती साडी, खांद्याला कापडी पिशवी, पिशवीत वर्तमानपत्राची कव्हरं घातलेली पुस्तकं. एकाच तासाला त्या ज्ञानेश्वरांची ओवी म्हणायच्या आणि रेव्हरंड ना. वा. टिळकांचं भजनही म्हणायच्या, आणि दोन्ही सारख्याच मायेनं समजावून द्यायच्या. आवाज मोठा नव्हता, पण वर्गात टाचणी पडली तरी ऐकू यावी इतकी शांतता असायची.

शाळेचा इतिहास आम्ही बाईंकडूनच ऐकला. शाळा 1866ची. पुढे ती वाँटेजच्या सिस्टर्सच्या हाती आली. वाँटेज हे इंग्लंडमधलं एक लहानसं गाव. तिथल्या रेव्हरंड बटलर यांनी 1848मध्ये सिस्टर्सचा हा संघ काढला, आणि मुंबईचे बिशप माइल्न यांच्या बोलावण्यावरून 1877मध्ये त्या पुण्यात आल्या. इथवर सगळं कोणत्याही माहितीपत्रकात सापडेल. बाई खुलायच्या त्या इथून पुढे.

1882मध्ये पंडिता रमाबाई पुण्यात आल्या. नवरा नुकताच गेलेला, कडेवर लहानगी मनोरमा. त्यांनी आर्य महिला समाज काढला, शिक्षणाची चौकशी करणाऱ्या हंटर कमिशनपुढे साक्ष दिली, ‘स्त्रीधर्मनीति’ लिहिली. तेव्हाच त्यांची या सिस्टर्सशी ओळख झाली. पुढच्याच वर्षी, 1883मध्ये, डॉक्टर व्हायचं मनात धरून त्या मुलीला घेऊन वाँटेजला गेल्या. कानांनी दगा दिला आणि डॉक्टरकीचं राहिलं ते राहिलंच. पण तिथं राहायचं, शिकायचं, आणि त्या बदल्यात हिंदुस्थानात जाणाऱ्या सिस्टर्सना मराठी शिकवायचं, असं ठरलं होतं. बाई इथं थांबायच्या. आमच्याकडे बघायच्या. म्हणायच्या, “कळलं का मुलींनो? इंग्लंडच्या सिस्टर्स रमाबाईंपुढे पाटी घेऊन बसल्या. त्या संघाची शाळा आहे ही. इथं मराठी मागच्या दारानं आलेली नाही.”

नववीत आमच्या वर्गात जम्मूहून एक मुलगी आली. वडील लष्करात, सदर्न कमांडला बदली झालेली. आपल्या शाळेत फौजी मुली नेहमीच असायच्या, त्यात नवल नव्हतं. हिंदी उत्तम, त्यामुळे लिपीची अडचण नाही, पण मराठीचं एक वाक्य धड जमेना. तिच्या आईनं चिठ्ठी पाठवली की दोन वर्षांत पुन्हा बदली होणार, तेव्हा मुलीला मराठीतून सूट मिळावी. बाईंनी चिठ्ठी वाचली, घडी करून पुस्तकात ठेवली आणि तिला खिडकीजवळच्या पहिल्या बाकावर बसवलं.

“सूट हवी असेल तर मिळेल,” त्या म्हणाल्या. “पण दिवाळीपर्यंत रोज एक वाक्य मला लिहून आणशील? एकच. काल काय जेवलीस, कोण भेटलं, काहीही.”

ती रोज वाक्य आणू लागली. पहिलं वाक्य मला अजून पाठ आहे, ‘काल माझा आई भात केला.’ बाईंनी लाल शाई कधीच वापरली नाही. चुकलेल्या शब्दावर त्या काट मारत नसत. शेजारच्या समासात टोकदार शिसपेन्सिलीनं बारीक अक्षरात बरोबर रूप लिहायच्या, ‘माझ्या आईनं’, बस्स. मुलीनं ते वाचून आपलं वाक्य स्वतः नीट करायचं, मग समासातलं पेन्सिलीचं खोडरबरानं पुसायचं. त्यामुळे महिन्याअखेरी वही उघडली की पानभर बरोबर मराठी दिसायची आणि चुकांची एकही खूण नसायची. तिच्या वहीबरोबर आमच्याही वह्या तशाच तपासल्या जात होत्या, पण ही रीत किती विचारानं केलेली आहे हे मला तिच्यामुळे दिसलं.

मधल्या सुट्टीत ती आम्हाला शब्द विचारायची. आम्ही डबे उघडून बसलेल्या असायचो. थालीपीठ, पडवळ, भाकरीचा पापुद्रा, सगळं तिनं आमच्या डब्यांतून शिकून घेतलं. दिवाळीच्या सुट्टीआधीच्या शेवटच्या तासाला तिनं अख्खं पान लिहून आणलं. वडील सीमेवर असताना आई रात्री दिवा का मालवत नसे, त्याबद्दल. बाईंनी ते पान वर्गात मोठ्यानं वाचलं. दोन-तीन चुका राहिल्या होत्या, त्या बाईंनी तशाच वाचल्या, एक अक्षर इकडचं तिकडं केलं नाही. वाचून झाल्यावर पुस्तकातली आईची चिठ्ठी काढून तिच्या हातात दिली. तिनं ती तिथल्या तिथं फाडली. ती मुलगी आज दिल्लीत असते आणि मला फोन करते तो मराठीतच.

एका शनिवारी बाई आम्हाला पंचहौदला घेऊन गेल्या. देवळापासून सुटा उभा असलेला तो उंच घंटेचा मनोरा सगळ्या पेठेतून दिसतो. त्याच्या सावलीत उभं करून त्यांनी आम्हाला 1890चं चहाचं प्रकरण सांगितलं. डॉ. आनंदीबाईंचे यजमान गोपाळराव जोशी, त्यांच्या खटपटीनं इथं मिशनमध्ये सभा काय झाली, न्यायमूर्ती रानडे, लोकमान्य टिळक अशा मंडळींपुढे चहा काय आला, आणि मग नावं छापून येऊन, ख्रिस्त्यांकडच्या चहानं धर्म बाटला म्हणून पुण्यात केवढं ग्रामण्य, म्हणजे बहिष्काराचं भांडण, माजलं. टिळक-रानडे आम्हाला पुस्तकातून ठाऊक होते, पण ते आपल्या बाईंच्या गल्लीत येऊन चहाच्या कपापुढे बसले होते, हे ऐकल्यावर ती माणसं खरीखुरी वाटायला लागली.

आणि मग ते पुस्तक. 1977मध्ये रमाबाईंचा पत्रव्यवहार प्रसिद्ध झाला, अ. भि. शहांनी संपादित केलेला. बाईंनी तो विकत घेतला आणि त्याला लगेच वर्तमानपत्राचं कव्हर चढलं. पत्रं इंग्रजीत. बाई इंग्रजी मजकूर डोळ्यांनी वाचत आणि तोंडानं आम्हाला सरळ मराठीत सांगत, कुठे अडखळणं नाही. इंग्लंडमधल्याच चेल्टनहॅमच्या कॉलेजात असताना रमाबाईंनी पुरुष विद्यार्थ्यांना शिकवू नये असं बिशपांनी सुचवलं, तेव्हा रमाबाईंनी काय कडक उत्तर धाडलं. गळ्यातल्या क्रुसावर लॅटिन अक्षरं कशाला, संस्कृत का नकोत, म्हणून त्या कशा अडून बसल्या. धर्माच्या एकेका मुद्द्यावर वाँटेजच्या सिस्टर जेराल्डीनशी त्यांचे किती वाद झाले. बाई स्वतः श्रद्धावान ख्रिस्ती, सिस्टर्सच्या शाळेत नोकरीला, तरी यातलं काही त्यांनी झाकलं नाही. उलट आवर्जून सांगायच्या, की ही सगळी पत्रं जपून ठेवली ती सिस्टर जेराल्डीननीच. जिच्याशी वाद झाला तिनंच वाद राखून ठेवला. एवढं मोठं मन असलेल्या बायकांनी आपली शाळा चालवली, याचा बाईंना फार अभिमान होता आणि तो आम्हाला त्यांनी देऊन टाकला.

मी पुढे वकील झाले. शिवाजीनगरच्या कोर्टात उभं आयुष्य गेलं, बहुतेक बायकांच्या पोटगीच्या, घराच्या हक्काच्या दाव्यांत. वरिष्ठांशी आवाज न चढवता आणि पाऊल मागे न घेता कसं बोलायचं, ते मला त्या पत्रांच्या तासाला कळलं होतं. माझे अर्ज मी मराठीत लिहिते. कॉन्व्हेंटची मुलगी असून इतकं स्वच्छ मराठी कसं, असं एका न्यायाधीशांनी भर कोर्टात विचारलं होतं. मी सांगितलं, शाळेनं शिकवलं. त्या संध्याकाळी तशीच गुरुवार पेठेत बाईंकडे गेले.

तेव्हा त्या निवृत्त झाल्या होत्या, डोळ्यांना कमी दिसत होतं. मी पिशवीतला एका अर्जाचा मसुदा कौतुकानं पुढे केला. त्यांनी चष्मा लावला, उशाची पेन्सिल घेतली आणि समासात लिहिलं, ‘वाक्य लांब झालं. जिचा अर्ज आहे तिला ऐकून समजेल का?’ तेव्हापासून सही घ्यायच्या आधी प्रत्येक बाईला तिचा अर्ज मी मोठ्यानं वाचून दाखवते. समजला नाही तर पुन्हा लिहिते. ज्युनियर मुली कंटाळतात, पण ते चुकवू देत नाही.

बाई गेल्या त्याला आता बरीच वर्षं झाली. कॅम्प तर ओळखू येत नाही. आम्ही जिथून तिघी-तिघी शेजारून सायकली हाणत जायचो त्या रस्त्यावर आज चालायची सोय नाही. त्याचं वाईट वाटतं, पण त्याहून जास्त टोचतं ते वेगळंच. आमच्या सोसायटीत आईबाप दोघं मराठी, आजी मराठी, आणि मूल लिफ्टमध्ये आजीशी इंग्रजीत बोलतं. आजी हसून मान हलवते, तिला निम्मं कळत नाही. जम्मूची मुलगी एका दिवाळीत पान लिहायला शिकली आणि पुण्यात जन्मलेल्या पोरांना आपल्या आजीला दोन ओळींचं पत्र लिहिता येऊ नये? मला हे सोसत नाही. बाई असत्या तर त्यांनी तक्रार केली नसती, त्या मुलाला रोज एक वाक्य मागितलं असतं.

म्हणून शाळेला एक विनंती आहे. बाईंचं ते पत्रव्यवहाराचं पुस्तक त्यांच्या लेकीनं मला दिलं. पानोपानी बाईंच्या पेन्सिलीच्या खुणा आहेत, आणि अवघड परिच्छेदांच्या बाजूला त्यांनी केलेलं मराठी. ते शाळेच्या ग्रंथालयात ठेवावं, कपाटात कुलूप लावून नव्हे, मुलींच्या हाताला लागेल असं. आमच्या बॅचच्या पुण्यात असलेल्या मैत्रिणींशी बोलणं झालंय. शाळेनं आठवी-नववीसाठी आठवड्याचा एक तास दिला, तर आम्ही आळीपाळीनं येऊन मुलींबरोबर मराठी वाचू. शनिवार असेल तर फार बरं, कोर्टाच्या तारखा आड येणार नाहीत.