वाळ्याचा वास

शनिवार, ११ ऑक्टोबर २०२५, डोंबिवली

आज मुलासाठी कोलोन घेतले. खरे तर ते दीड महिन्यापूर्वीच घ्यायला हवे होते, आणि तेव्हा मी जे बोललो ते बोलायला नको होते. म्हणून आज सगळे नीट लिहून ठेवतो आहे.

मुलगा यंदा अकरावीत गेला आणि रोज लोकलने ठाण्याला जाऊ लागला. ऑगस्टच्या अखेरीस एके सकाळी तो निघण्याच्या गडबडीत असताना बॉडी स्प्रेचा असा भपकारा घरभर पसरला की दम्याचा त्रास असलेल्या माझ्या आईला ठसका लागला आणि तिला उठून गॅलरीत जावे लागले. त्याला बोलवायला आलेला मित्र दारातच उभा होता. त्याच्यादेखत मी म्हणालो, "अरे, अंगावर ओतून घेतोस की काय? काय हा वास!" मुलगा काहीच बोलला नाही. त्या दिवसापासून त्याने स्प्रेला हात लावला नाही. मात्र संध्याकाळी घरी आल्यावर बूट काढण्याआधी तो मान वळवून शर्टाच्या बाहीचा वास घेतो, हे मी तीन-चार वेळा पाहिले. बॅगेत एक जादा टी-शर्ट घडी करून नेऊ लागला. मी ज्याला मिरवणे समजलो होतो, ती घामाची लाज होती.

मला ही लाज ओळखीची आहे. नववीत असताना माझ्या बाकावरचा सोबती एक दिवस जागा बदलून मागे जाऊन बसला. तो का गेला, हे मला उमगायला वर्ष लागले, कारण घरात या विषयावर कोणी बोलत नसे आणि सगळ्यांत मिळून टाल्कम पावडरचा एक डबा, एवढीच आमची सामग्री होती. माझ्या मुलाच्या बाबतीत असे होऊ द्यायचे नाही, असे ठरवून गणपतीनंतरच्या एका रात्री मी त्याला गॅलरीत बोलावले आणि आधी त्या सकाळच्या बोलण्याबद्दल त्याची माफी मागितली.

मग घामाबद्दल बोललो. वयात येताना काखेतील विशिष्ट घर्मग्रंथी काम करू लागतात. त्यांच्या स्रावाला स्वतःचा वास जवळजवळ नसतो, पण त्वचेवरचे जिवाणू तो फोडतात आणि वास तिथून सुरू होतो. म्हणजे लहानपणी जी आंघोळ पुरत होती ती आता पुरत नाही, यात त्याचा काही दोष नाही. काखा साबणाने धुवून कोरड्या करायच्या, शर्ट दुसऱ्या दिवशी पुन्हा चढवायचा नाही आणि घाम फार येत असेल तर अँटिपर्स्पिरंट लावायचे. सुगंध लावायचा तो हे सगळे झाल्यावर. घामावर मारलेला स्प्रे घामाला झाकत नाही, त्याच्याशी मिसळून तिसराच वास तयार करतो. हे ऐकून तो पहिल्यांदा हसला आणि म्हणाला, "बाबा, लोकलच्या डब्यात तोच तिसरा वास असतो."

कोलोनच का, याचा मी बराच विचार केला. जर्मनीतील कोलोन शहरात इटलीतून येऊन स्थायिक झालेल्या योहान मारिया फरिना याने अठराव्या शतकाच्या सुरुवातीला संत्रे, लिंबू, बर्गमॉट अशा फळांच्या सालींच्या तेलांपासून हे हलके सुगंधी पाणी तयार केले. फरिना कुटुंबाची १७०९ सालची पेढी आजही त्या शहरात आहे. कोलोनमध्ये सुगंधी अर्क साधारण २ ते ५ टक्के असतो, ओ द त्वालेत या त्याहून तीव्र प्रकारात ५ ते १५ आणि ओ द पर्फ्यूममध्ये त्याहूनही अधिक. कोलोन दोन-तीन तासांत विरून जाते, अशी तक्रार लोक करतात. सोळा वर्षांच्या मुलासाठी, आमच्या दमट हवेसाठी आणि सकाळच्या गच्च भरलेल्या डब्यासाठी मला तोच त्याचा मोठा गुण वाटतो.

आज आम्ही मस्जिद स्टेशनला उतरलो. पहिल्या दुकानात विक्रेत्याने पाठोपाठ दहा बाटल्या उघडल्या, आणि चौथ्या बाटलीनंतर आम्हा दोघांनाही काहीच वेगळे कळेनासे झाले. म्हणून चार वास कागदी पट्ट्यांवर मारून घेतले, पट्ट्यांवर पेन्सिलीने नावे लिहिली आणि बाहेर येऊन चहा प्यायलो. लिंबूवर्गीय वास हलक्या रेणूंचा असल्यामुळे तो आधी उडतो, आणि अर्ध्या तासाने जे मागे उरते ते खरे सोबतीचे असते. मुलाला दुकानात सर्वांत आवडलेली पट्टी तोवर व्हॅनिला घातलेल्या केकसारखी गोड झाली होती. त्याने ती स्वतःहून बाजूला ठेवली. मी मत दिले नाही. जे त्याने अंगावर लावायचे आहे ते त्याच्या नाकाने निवडलेले असावे, एवढे मी मनाशी पक्के केले होते, आणि हे पाळणे मला वाटले होते त्यापेक्षा अवघड गेले.

मधल्या वेळात मोहम्मद अली रोडवरील एका अत्तराच्या दुकानात शिरलो. कनौजमध्ये तांब्याच्या देगात फुले उकळून त्यांची वाफ चंदनाच्या तेलात उतरवतात, हे त्याला ठाऊक नव्हते. मातीच्या अत्तराची काडी मनगटाला लागली तेव्हा तो चकित होऊन "पाऊस!" एवढेच म्हणाला. अत्तर तेलाचे असते, दिवसभर टिकते आणि पांढऱ्या शर्टावर डाग पाडते, त्यामुळे रोजसाठी ते घेतले नाही; दिवाळीत अभ्यंगस्नानानंतर फाया करायला एक छोटी कुपी मात्र घेतली.

शेवटी दोन पट्ट्या उरल्या. एक एका मनगटावर, दुसरी दुसऱ्या मनगटावर लावून, मनगटे एकमेकांवर न घासता तो तासभर हिंडला. परतीच्या गाडीत बसण्याआधी त्याने डावा हात पुढे केला आणि म्हणाला, "हा. आजीच्या माठासारखा येतो." त्या कोलोनमध्ये लिंबाच्या खाली वाळा होता. परदेशी बाटल्यांवर ज्याला व्हेटिव्हर म्हणतात ते आपले वाळ्याचे मूळच, आणि तो शब्दही मूळचा तमिळ. आमच्याकडे उन्हाळ्यात आई माठात वाळ्याची जुडी टाकते. त्याच पाण्यावर हा मुलगा वाढला आहे. आम्ही उलटे फिरलो आणि ५० मिलीची बाटली घेतली.

गाडीत त्याला दोन-तीन गोष्टी सांगितल्या. नुकत्याच दाढी केलेल्या त्वचेवर मारू नकोस, अल्कोहोलने चरचरते. काही लिंबूवर्गीय तेलांवर ऊन पडले तर त्वचेवर काळपट डाग उठू शकतात, तेव्हा मानेवर मारण्यापेक्षा शर्टाच्या आत छातीवर एकदा मार, फार तर दोनदा. आणि स्प्रे मारून लगेच समईपाशी किंवा फुलबाजी पेटवायला जायचे नाही. त्याने हे सगळे मनावर घेतले, पण त्याच्या मनात वेगळाच प्रश्न होता. त्याने हळूच विचारले, "आजीला त्रास होईल का?"

घरी आल्यावर त्याने हातपाय धुतले, एकदाच फवारा मारला, पाच मिनिटे गॅलरीत थांबला आणि माझ्या आईच्या पलंगावर तिच्या शेजारी जाऊन बसला. मी दारातून बघत होतो. ती मोबाइलवर कीर्तन ऐकत होती. बराच वेळ ती काही बोलली नाही, खोकलीही नाही. मग त्याच्या खांद्याकडे झुकून म्हणाली, "ऑक्टोबरात माठात वाळा कुणी टाकला रे?"

त्याने मनगट तिच्यापुढे धरले.